टोकियोत एकच संध्याकाळ: काबुकी की ताकाराझुका?

टोकियोच्या सहलीत नाटकासाठी एकच संध्याकाळ हाताशी असेल, तर गिन्झाजवळच्या काबुकी-झात जावं की हिबियाच्या ताकाराझुका थिएटरात? दोन्हींमध्ये पायी जेमतेम पंधरा-वीस मिनिटांचं अंतर. एकीकडे काबुकी हे जुनं पारंपरिक जपानी नाट्य, त्यात सगळ्या भूमिका पुरुष करतात; दुसरीकडे ताकाराझुका हे झगमगीत संगीत नाटक, त्यात सगळ्या बायका. बालगंधर्वांच्या आठवणी ऐकत वाढलेल्या मराठी माणसाला दोन्हीकडे जावंसं वाटणारच.

काबुकी सुरू केलं एका बाईनं. इझुमो नो ओकुनी, क्योतो, १६०३ च्या सुमारास. १६२९ मध्ये शोगुनांच्या, म्हणजे लष्करी सत्ताधीशांच्या, राजवटीनं बायकांना रंगमंचावर बंदी केली आणि पुढे स्त्रीभूमिका पुरुषांकडे आल्या. या नटांना ओन्नागाता म्हणतात. त्यांचा चेहरा नंतर बघा, आधी खांदे बघा. मागे ओढून खाली सोडलेले, कोपरं अंगालगत, गुडघे एकमेकांना टेकलेले. चालीचा सराव करताना गुडघ्यांमध्ये कागद धरायचा आणि तो पडू द्यायचा नाही. नायक ऐन क्षणी डोळे वटारून जागच्या जागी थिजतो, लाकडी ठोकळे कडाडतात आणि वरच्या मजल्यावरून कुणी जाणता त्याच्या घराण्याचं नाव पुकारतो. ही दाद नेमक्या क्षणीच द्यायची असते, म्हणून ती फार गोड लागते.

पूर्ण प्रयोग मध्यंतरं धरून चार तासांच्या आसपास जातो. पण चौथ्या मजल्यावर एकाच अंकाचं स्वस्त तिकीट मिळतं. तिथून हानामिची, म्हणजे प्रेक्षकांमधून जाणारी नटांची वाट, फारशी दिसत नाही. ही उणीव मोठी आहे. जमत असेल तर खालचंच तिकीट काढा.

ताकाराझुकाचा जन्म रेल्वेपायी झाला. ओसाकाजवळच्या ताकाराझुका या गरम झऱ्यांच्या गावापर्यंत प्रवासी यावेत म्हणून हान्क्यू रेल्वेच्या कोबायाशी इचिझो यांनी १९१३ मध्ये मुलींचा संच उभा केला आणि न चाललेल्या पोहण्याच्या तलावावर रंगमंच बांधून १९१४ मध्ये पहिला प्रयोग लावला. आज पाच संच आहेत. संस्थेच्याच शाळेत दोन वर्षं शिकल्याशिवाय प्रवेश नाही. पुरुषभूमिका करणारी ती ओतोकोयाकु. आधी संगीत नाटक, मग नाचगाण्यांचा झगमगाट, आणि शेवटी पाठीवर पिसांचा प्रचंड पिसारा लावलेली, नायक रंगवणारी मुख्य नटी सव्वीस पायऱ्यांचा जिना पायांकडे न बघता उतरते. तिकिटं मात्र लवकर संपतात, आयत्या वेळी मिळतील या भरवशावर राहू नका.

माझं मत स्पष्ट आहे: आधी तिकीट काढलेलं नसेल तर काबुकीचा एक अंक बघा. घरात मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, वाचणारी मुलं असतील तर ताकाराझुका. 'व्हर्सायचा गुलाब' ही इकेदा रियोको यांची मांगा १९७४ मध्ये याच रंगमंचावर आली आणि तुफान गाजली. ओसाकाला जाणार असाल तर प्रश्नच मिटला. टोकियोत काबुकी बघा आणि ताकाराझुका तिच्या माहेरीच. ओसाकातल्या उमेदाहून हान्क्यू रेल्वेनं साधारण अर्धा-पाऊण तास. प्रसिद्ध मांगाकार तेझुका ओसामू याच गावात वाढले, त्यांचं संग्रहालयही थिएटरपासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे.

काबुकी-झाचे प्रयोग साधारणपणे महिन्यातले पंचवीसेक दिवस असतात. महिनाअखेरीस पोचणार असाल तर विमानाच्या तिकिटाआधी त्या तारखा बघून घ्या.