पेला-बुरशी ओळखायची: मोबाईलचा फोटो की भिंग?

पावसाळ्यात सह्याद्रीच्या रानात कुजक्या फांदीवर गुलाबी-केशरी, केसाळ पेले दिसले की ती बहुधा कुकीना, म्हणजे पेला-बुरशीची एक प्रजाती. पण तिच्यातली जात कोणती, ट्रायकोलोमा की स्पेसिओसा? फोटोवर भागेल का, असं बरेच जण विचारतात.

फोटो फुकट आणि झटपट. पण लोक तो वरून काढतात, त्यात येतो फक्त रंग. रंगावर अजिबात विसंबू नका. स्पेसिओसा पिवळ्यापासून लालसर तपकिरीपर्यंत कशीही निघते. दहापट भिंगाला थोडे पैसे पडतात, चिखलात गुडघे टेकावे लागतात (जळवा वेगळ्याच!). पण पेल्याच्या बाहेरची लव नीट दिसते. ट्रायकोलोमाला सगळीकडे लांब, राठ केस. स्पेसिओसाचे आखूड, काठालगत गोल ओळींत.

नुसती ‘कुकीना’ अशी नोंद करायची तर फोटो पुरे, एक तरी कडेने काढा. जात लिहायची असेल तर भिंगच. चाखून बघायचा विचार असेल, तर दोन्हींवर भरवसा नको.