आधी ‘द इमिग्रंट’ लावावा की ‘वन वीक’?

घरच्यांना मूकपट दाखवायचाय, तोही प्रेमाचा आणि हसवणारा, आणि हाताशी जेमतेम अर्धा तास आहे. अशा वेळी माझं मन नेहमी या दोघांवर येऊन थांबतं: चार्ली चॅप्लिनचा १९१७ चा ‘द इमिग्रंट’ आणि त्याच काळातला दुसरा विनोदवीर बस्टर कीटन याचा १९२० चा ‘वन वीक’.

घशात आवंढा यावा असं काही हवं असेल तर चॅप्लिनला तोड नाही. खानावळीत नायिकेचा, म्हणजे एडना पर्व्हायन्सचा, हात हातात घेताना त्याला तिच्या रुमालाची काळी किनार दिसते. तिची आई गेली, हे तेवढ्यावरून कळतं. तो क्षण मी कितीही वेळा पाहू शकतो.

पण त्यानंतर जे होतं, ते मला खटकतं. खिशातलं नाणं गायब झालेलं असतं, समोर एरिक कॅम्पबेलचा धिप्पाड वेटर उभा असतो, आणि सगळी गंमत त्या दोघांतच रंगते. गंमत अस्सलच आहे. पण एडना टेबलाशी नुसती बसून राहते. आमच्याकडे पाहताना बायकोने विचारलं, “अहो, ती मुलगी काही करणार आहे की नाही?” तेव्हापासून मलाही दर वेळी तेच दिसतं. शेवटी भर पावसात तो तिला उचलून लग्नाच्या परवान्याच्या कचेरीत नेतो. ती आढेवेढे घेत असते. ते लटके असतीलही, पण मन थोडं खट्टू होतंच.

‘वन वीक’मध्ये नायिका सिबिल सीली पहिल्यापासून बरोबरीने राबते. नव्या जोडप्याला भेट मिळालेलं घर सुट्या भागांचं. नाकारलेल्या प्रतिस्पर्ध्याने खोक्यांवरचे आकडे बदललेले, त्यामुळे घर पार वेडंवाकडं उभं राहतं. तरी ती त्याच्या भिंतीवर बाण मारलेलं बदामाचं चित्र रंगवते! आणि टबातून साबण निसटतो तेव्हा ती थेट आपल्याकडे बघते, मग एक हात येऊन कॅमेऱ्याचं भिंगच झाकतो. आमच्या बैठकीत सगळ्यांत मोठा हशा तिथेच पिकला.

कीटनचा चेहरा ज्यांना कोरडा वाटतो, त्यांना चॅप्लिन जास्त भावेल, हे मी मान्य करतो. पण नवरा-बायकोने मिळून पाहायचा असेल तर मी ‘वन वीक’च आधी लावीन. घराचा चुराडा होतो, आणि कीटन ‘विकणे आहे’ची पाटी लावून तिचा हात धरून चालू लागतो.