टीम्सचा ‘अर्जंट’ मेसेज: हॉस्पिटलच्या लॅबमध्ये वर्षभर वापरल्यानंतर

मी एका मध्यम आकाराच्या खाजगी हॉस्पिटलच्या बायोकेमिस्ट्री लॅबमध्ये काम करते. साधारण वर्षभरापूर्वी आमच्याकडे वॉर्ड, आयसीयू, कॅज्युअल्टी आणि लॅब यांच्यातले सगळे निरोप व्हॉट्सॲपच्या ग्रुपवरून काढून मायक्रोसॉफ्ट टीम्सवर आणले. अख्ख्या ॲपबद्दल मी लिहीत नाही. मेसेज ‘अर्जंट’ करून पाठवायची जी सोय आहे तेवढ्याबद्दलच लिहिते, कारण लॅबच्या दृष्टीने बाकी ॲप एकीकडे आणि ही सोय एकीकडे. सोय चांगली आहे आणि आम्ही ती सोडणार नाही. पण अर्जंट पाठवलं म्हणजे आपली जबाबदारी संपली असं कुणाला वाटत असेल, तर हॉस्पिटलात ते जिवावर बेतू शकतं.

आधी ती चालते कशी ते सांगते. चॅटमध्ये मेसेज पाठवताना तीन दर्जे निवडता येतात: स्टँडर्ड, इम्पॉर्टंट आणि अर्जंट. इम्पॉर्टंट केलं तर मेसेजवर उद्गारचिन्ह आणि तसा शब्द येतो, फोन मात्र नेहमीसारखा एकदाच वाजतो. अर्जंट पिच्छा सोडत नाही. समोरच्याने मेसेज वाचेपर्यंत दर २ मिनिटांनी नोटिफिकेशन येत राहतं, आणि वाचलाच नाही तर २० मिनिटांनी थांबतं. एकाशी चॅट असो की ग्रुपशी, दोन्हीकडे हे चालतं. चॅनेलमधल्या, म्हणजे अख्ख्या टीमसाठीच्या सामायिक पानावरच्या, पोस्टला मात्र इम्पॉर्टंटच्या पुढे जाता येत नाही. आमच्याकडे सुरुवातीला वॉर्डावॉर्डाची चॅनेलं काढली होती, ती याच कारणाने गुंडाळून ग्रुप चॅट केले.

लॅबला याची गरज का पडते, तर क्रिटिकल व्हॅल्यूमुळे. काही रिझल्ट असे असतात की रिपोर्ट छापून वर जाईपर्यंत थांबून चालत नाही, लगेच वॉर्डला कळवावं लागतं. पोटॅशियम सहाच्या वर गेलं की हृदयाचे ठोके बिघडायची भीती असते. ग्लुकोज पन्नासच्या खाली गेलं की पेशंट बेशुद्ध पडू शकतो. सोडियम, हिमोग्लोबिन, प्लेटलेट, प्रत्येकाची एक मर्यादा ठरलेली असते. लॅबगणिक आकडे थोडे इकडेतिकडे होतात, पण यादी बहुतेक लॅबमध्ये भिंतीवर लावलेली असते.

वर्षानुवर्षं आम्ही हे इंटरकॉमवरून कळवत आलो. रात्रपाळीला वॉर्डात दोन सिस्टर, एक ड्रिप लावतेय, दुसरी नातेवाइकांशी बोलतेय, इंटरकॉम वाजून वाजून बंद होतो. उचलला तरी ऐकण्यात घोटाळा होतो. एकोणसाठ आणि एकोणसत्तर फोनवर सारखेच ऐकू येतात, आणि ग्लुकोजच्या बाबतीत असा दहाचा फरक पुढचं सगळं बदलू शकतो. म्हणून आम्ही आकडे सुटे सांगतो, ‘पाच नऊ’, आणि सिस्टरकडून परत वदवून घेतो. लेखी निरोपाचा मोठा फायदा इथेच आहे. आकडा समोर दिसतो, किती वाजता पाठवला ते दिसतं, आणि ड्यूटी बदलली तरी पुढच्या सिस्टरला तो सापडतो.

रात्री आयसीयूला गेलेला आमचा एक मेसेज असा होता: ‘बेड ७. पोटॅशियम ६.८. सॅम्पल हिमोलाइज्ड नाही. त्याच सॅम्पलवर रिपीट केलं, तेच आलं. वाचून आकडा परत लिहा.’ यातलं प्रत्येक वाक्य अनुभवातून ठरलं आहे. सुईतून रक्त जोरात ओढलं की तांबड्या पेशी फुटतात, म्हणजे सॅम्पल हिमोलाइज्ड होतं, त्यांच्यातलं पोटॅशियम सीरममध्ये उतरतं आणि आकडा खोटा चढतो. त्यामुळे मोठा आकडा दिसला की डॉक्टरांचा पहिला प्रश्न सॅम्पलबद्दलच असतो. तो प्रश्न येण्याआधीच उत्तर गेलं तर एक फेरी वाचते. पेशंटचं नाव मुद्दाम घातलेलं नाही. बेड नंबर आणि हॉस्पिटलचा रजिस्ट्रेशन नंबर पुरे होतो, नाव चॅटमध्ये फिरायला नको. त्या रात्री दुसरं नोटिफिकेशन जायच्या आत सिस्टरचं ‘६.८, डॉक्टरांना सांगितलं’ असं उत्तर आलं. इंटरकॉमवर इतक्या लवकर काम क्वचितच व्हायचं.

आता त्रुटी. सगळ्यात मोठी अशी की ॲपच्या लेखी ‘वाचला’ म्हणजे काम झालं. समोरच्याने चॅट उघडला की त्याच्याकडची टुणटुण थांबते. पण उघडणं वेगळं आणि जबाबदारी घेणं वेगळं. आमच्याकडे नर्सिंग स्टेशनच्या कॉम्प्युटरवर वॉर्डाचा एकच सामायिक लॉगिन होता, आणि दिवसभर तोच चॅट स्क्रीनवर उघडा असायचा. मेसेज आला की उघड्या खिडकीत वाचलेला धरला जायचा. समोर खुर्चीवर कुणीही नसलं तरी. लॅबमध्ये आम्हाला दिसायचं की वाचलंय, वॉर्डात कुणालाच पत्ता नसायचा. एकदा कमी ग्लुकोजचा निरोप असाच पडून राहिला. उत्तर आलं नाही म्हणून आमच्या सिनियर मॅडम स्वतः जिना चढून वॉर्डात गेल्या म्हणून निभावलं. त्यानंतर सामायिक लॉगिन बंद झाला. आता ड्यूटी इनचार्जकडे वॉर्डाचा एक फोन असतो, तो हँडओव्हरमध्ये किल्ल्यांबरोबर हातात दिला जातो, आणि टीम्स फक्त त्याच्यावर.

दुसरं, ती २० मिनिटं. ऑफिसात कुणाची सही हवी असेल तर ठीक आहे, पण पोटॅशियमसाठी २० मिनिटं फार झाली. आणि २० मिनिटांनंतर काय? काही नाही. ॲप गप्प बसतं. वरच्या माणसाला आपोआप कळवणं, दुसऱ्या नंबरवर जाणं, असं पुढचं पाऊल या सोयीत नाही. म्हणून ते पाऊल आम्हीच ठरवलं. पाच मिनिटांत आकडा परत लिहून आला नाही तर इंटरकॉम, तो उचलला नाही तर आरएमओंचा (ड्यूटीवरच्या निवासी डॉक्टरांचा) मोबाइल, तोही नाही तर माणूस धावत जातो. प्रत्येक वेळी रजिस्टरमध्ये वेळ आणि निरोप घेणाऱ्याचं नाव पेनाने लिहायचं. रजिस्टर बंद करू असं मध्यंतरी सुचवलं गेलं होतं, ते मी कळकळीने हाणून पाडलं.

तिसरा त्रास माणसांचा आहे आणि तो सगळ्यांत अवघड. पहिल्या दोनतीन महिन्यांत काहीही अर्जंट यायला लागलं. उद्याची ड्यूटी बदलून हवी, अर्जंट. कॅन्टीनची कुपनं संपली, अर्जंट. ‘मॅडम, कालचा रिपोर्ट परत पाठवा ना’, तेही अर्जंट. अर्जंटचा लाल रंग रोज डझनभर वेळा दिसला की डोळा सरावतो, आणि खरा मेसेज त्या गर्दीत जातो. हॉस्पिटलात हे नवं नाही. हॉस्पिटलांना मान्यता देणाऱ्या अमेरिकेतल्या जॉइंट कमिशन या संस्थेने एप्रिल २०१३ मध्ये वैद्यकीय उपकरणांच्या अलार्मबद्दल इशारा दिला होता. जानेवारी २००९ ते जून २०१२ या काळात त्यांच्याकडे अलार्मशी संबंधित ९८ घटनांची नोंद झाली होती आणि त्यांतल्या ८० मध्ये पेशंट दगावला होता. अलार्म इतके वाजायचे की ऐकणाऱ्यांचे कान बधिर झाले होते, हे त्यामागचं एक मोठं कारण. चॅटच्या घंटीचंही तेच होतं. पूर्वी एक्स्प्रेस तार करायला साध्या तारेपेक्षा जास्त पैसे पडायचे, म्हणून माणूस दोनदा विचार करायचा. इथे बोट लावलं की झालं, खर्च शून्य. तो खर्च संस्थेने नियमाने घालावा लागतो.

आमचा नियम एका कागदावर मावतो. अर्जंट फक्त तीन गोष्टींना: क्रिटिकल व्हॅल्यू, रक्तपेढीकडची तातडीची मागणी, आणि मशीन बंद पडून तपासण्या थांबणार असतील तर. बाकी सगळं स्टँडर्ड. इम्पॉर्टंट आम्ही वापरतच नाही, मधला दर्जा ठेवला की सगळे तिथून वर सरकतात. चुकीचा अर्जंट आला तर ग्रुपमध्ये कुणाला बोलायचं नाही, इनचार्ज सिस्टर त्या व्यक्तीशी बाजूला बोलतात. हे कलम मला फार महत्त्वाचं वाटतं. चारचौघांत बोलणी बसली की पुढच्या वेळी नवखी मुलगी खरं अर्जंट पाठवायलाही कचरते. इंटर्नची नवी बॅच आली की कागद पुन्हा वाचून दाखवावा लागतो.

ग्रुपचा आकारही बघा. ग्रुपमध्ये अर्जंट टाकलं की प्रत्येक सभासदाच्या मागे ते नोटिफिकेशन लागतं. नाइट करून घरी झोपलेल्या सिस्टरचा फोन सकाळी दर २ मिनिटांनी वाजणं हा अन्याय आहे, आणि त्यातूनच लोक नोटिफिकेशन कायमचं बंद करतात. आमच्या क्रिटिकल ग्रुपमध्ये आता माणसं नाहीत, पदं आहेत: वॉर्डाचा फोन, आरएमओंचा फोन, लॅबचा फोन.

मॅटरमोस्ट या टीम्ससारख्याच दुसऱ्या ॲपमध्ये मेसेजला प्राधान्य देताना पोच मागता येते. समोरच्याला पोच द्यायचं बटण दाबावं लागतं आणि कुणी दाबलं ते पाठवणाऱ्याला दिसतं. मला टीम्सच्या अर्जंटमध्ये नेमकं हेच हवं आहे. वाचल्यावर नाही, पोच दिल्यावर थांबणारी घंटी. ते होईपर्यंत ‘आकडा परत लिहा’ हीच आमची पोच.

तुमच्याकडे हे सुरू करणार असाल तर आधी आयटीवाल्यांना विचारा, कारण अर्जंट पाठवायची परवानगी ॲडमिनच्या मेसेजिंग पॉलिसीत चालू-बंद करता येते. मग ज्या फोनवर निरोप येणार त्याचं बॅटरी सेव्हिंग तपासा. अँड्रॉइड फोन बॅटरी वाचवायला मागे चालणारी ॲप झोपवतात आणि नोटिफिकेशन उशिरा येतं. टीम्सला त्यातून वगळा, आवाज वाढवून ठेवा, आणि रात्री दोन वाजता एक चाचणी मेसेज पाठवून बघा. दिवसा केलेली चाचणी धरू नका, दिवसा सगळे जागे असतात.