मॉसफिल्मचं युट्यूब चॅनल : फुकटात ब्रागिन्स्की, तेबी आज्जीबरोबर

रिव्ह्यू द्यावा म्हटलं, कारण गेले तीन रविवार मंगळवार पेठेतल्या आमच्या घरात दुसरं काय लागलेलंच नाही. मॉस्कोच्या मॉसफिल्म स्टुडिओनं आपले जुने पिक्चर स्वतःच्या चॅनलवर फुकट टाकलेत, बऱ्याच पिक्चरना इंग्रजी सबटायटल पण आहेत. मी शोधत होतो एमिल ब्रागिन्स्कीला, म्हणजे सोव्हिएत काळातल्या पिक्चरच्या लेखकाला. नाव सगळे रियाझानोवचं घेतात, डायरेक्टर ना तो, पण स्टोरी दोघं मिळून लिहायचे. १९६६ च्या 'बिवेअर ऑफ द कार'पासून जोडी जमली ती जमलीच.

आम्ही सुरुवात केली 'आयरनी ऑफ फेट'नं. थर्टीफर्स्टला मॉस्कोतला एक डॉक्टर मित्रांबरोबर हमामात बसून टाइट होतो, मित्र चुकून त्यालाच लेनिनग्राडच्या विमानात चढवतात, आणि तिथं हा टॅक्सीवाल्याला आपल्या घरचा पत्ता सांगतो तर तोच रस्ता, तीच बिल्डिंग, तोच फ्लॅट नंबर, वर खिशातली किल्ली पण कुलपाला लागते, कारण त्या काळात तिकडं गावोगाव एकाच साच्यातल्या इमारती उठवल्या होत्या. मी पॉज करून समजवायला लागलो तर आज्जी म्हणाली, "कळलं रं, आमची पेटी बी शेजारणीच्या किल्लीनं उघडायची, फुडं चालू कर." नंतर हिरोईनचा होणारा नवरा पिऊन येतो आणि कोट-टोपीसकट शॉवरखाली उभा राहतो, तिथं तर सबटायटल वाचायची पण गरज पडली नाही, आज्जीला हसून ठसका लागला.

हे आधी नाटक होतं, १९६९ चं, पिक्चर टीव्हीवर आला १ जानेवारी १९७६ ला. म्हणूनच तीन तासांतला बराच वेळ एका फ्लॅटमध्ये जातो तरी कंटाळा येत नाही.

पण माझं मत विचाराल तर 'गॅरेज' (१९७९) नाद खुळा! सहकारी गॅरेजच्या जागेतनं रस्ता जाणार, चार जणांची नावं कापायची, मीटिंगमध्ये भांडण लागतं आणि एक बाई दाराला कुलूप लावून किल्लीच लपवते, मग रात्रभर बसा तिथंच. ब्रागिन्स्की शिकला होता वकिली, ते इथं दिसतं, जो तो उठून आपलीच केस लढतोय. बाबा आमच्या सोसायटीच्या पार्किंग कमिटीत हाईत, त्यांनी अख्खा पिक्चर तोंड पाडून बघितला.

'बिवेअर ऑफ द कार' पण बघितला, गाड्या चोरून पैसे अनाथाश्रमाला देणारा हिरो, चांगलाय, पण मधे मधे जरा संथ वाटला.

मराठी सबटायटल नाहीत, मोठ्यानं वाचून माझा घसा बसला. शिवाय आमचं नेट ऐन मोक्याला गोल गोल फिरतंय, त्यात चॅनलचा काय दोष नाही. पाचपैकी साडेचार. पुढच्या रविवारी 'ऑफिस रोमान्स', राजारामपुरीत आत्याकडं, तिच्याकडं नेट बरं चालतंय म्हणून आज्जीला गाडीवरनं घेऊन जायचं ठरलंय.