‘डीएलएल मिसिंग’चा धाक दाखवून पैसे उकळणारे

हा अनुभव मी मुद्दाम सविस्तर लिहिते आहे. घरून अकाउंट्सची कामं करणाऱ्या बायका, डीटीपीवाले, ऑनलाइन फॉर्म भरून देणारे, अशा कुणाच्याही संगणकावर कधी ना कधी ‘अमुक डीएलएल फाइल सापडत नाही’ असा एररचा चौकोन येतो. आणि तो कधी येतो याची वाटच बघत बसलेली माणसं आहेत.

मी नागपुरात मानेवाड्याला राहते. किराणा, हार्डवेअर, मेडिकल अशा दुकानदारांची खाती लिहिते, त्यांचं जीएसटी भरते. २० तारीख म्हणजे ३बीची, जीएसटीच्या दर महिन्याच्या रिटर्नची, शेवटची तारीख. उशीर झाला की दिवसाला ५० रुपये लेट फी, शून्याचं रिटर्न असलं तरी २०, वर थकलेल्या करावर वर्षाला १८ टक्के व्याज. ऐन तारखेच्या आदल्या संध्याकाळी सॉफ्टवेअर उघडायला गेले तर इंग्रजीत निरोप आला: एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल ही फाइल संगणकात सापडत नाही, म्हणून प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून बघा.

फाइलचं नाव मोबाइलवर शोधलं. सगळ्यात वर ‘विंडोज सपोर्ट’ म्हणून एक नंबर होता, निळा लोगो, चोवीस तास सेवा. ती जाहिरात होती. तसं तिथे बारीक अक्षरात लिहिलेलंही असतं, पण डोळा आधी मोठ्या अक्षरांतल्या नंबरवरच जातो आणि जाहिरात देणाऱ्यांना नेमकं तेच हवं असतं. फोन पहिल्याच रिंगला उचलला गेला. बोलणारा माणूस अतिशय नम्र, हिंदीत बोलणारा, मागे कॉल सेंटरसारखा आवाज.

तो म्हणाला, ‘मॅडम, पहले मैं साबित करता हूँ कि मैं कंपनी से बोल रहा हूँ.’ त्यानं मला काळी कमांडची खिडकी उघडायला लावली आणि ‘असॉक’ हा शब्द टाइप करून एंटर दाबायला सांगितलं. भराभर ओळी वर सरकत गेल्या. शेवटी एक लांबलचक आकडा होता. ‘आता मी तुमच्या संगणकाचा लायसन्स आयडी वाचतो, तुम्ही जुळवून बघा,’ असं म्हणून त्यानं सावकाश वाचला: ८८८डीसीए६०, पुढे एफसी०ए, पुढे ११सीएफ. एकेक अक्षर जुळत होतं. माझ्या घरातल्या, माझ्या टेबलावरच्या संगणकाचा आकडा त्याला ठाऊक आहे म्हटल्यावर माणूस विश्वास ठेवणारच.

तो आकडा जगातल्या जवळपास प्रत्येक विंडोज संगणकावर हाच असतो. फाइल झिप फोल्डरमध्ये पाठवायची जी सोय विंडोजमध्ये आहे, तिची ती अंतर्गत ओळख आहे. लायसन्सशी तिचा काडीचा संबंध नाही. तुमच्या विंडोजवर ‘असॉक’ टाइप करा, ८८८डीसीए६० दिसेल. कुणी हा आकडा वाचून दाखवायला लागलं की त्याच क्षणी फोन ठेवा.

मग त्यानं दूरून संगणक चालवायचं ॲप टाकायला लावलं आणि नऊ आकडी कोड विचारला. माउस आपोआप हलू लागला. त्यानं ‘इव्हेंट व्ह्यूअर’, म्हणजे विंडोजची नोंदवही, उघडलं. त्यात लाल खुणांची नि पिवळ्या त्रिकोणांची भली मोठी यादी होती. ‘ही प्रत्येक लाल खूण म्हणजे एक हल्ला. तुमचं विंडोज १० कंपनीनं बंद केलं, म्हणून डीएलएल फाइल्स एकेक करून उडत चालल्या आहेत. उद्यापर्यंत सगळा डेटा जाईल.’ १४९९ रुपयांत फाइल बसवून देतो म्हणाला. यूपीआयनं पैसे पाठवताना पडद्यावर कंपनीचं नाव आलं नाही, कुठल्याशा जनरल स्टोअरचं आलं. विचारलं तर ‘वो हमारा पेमेंट पार्टनर है.’

त्यानंतर ‘स्कॅनिंग चालू आहे, हात लावू नका’ म्हणून त्यानं पडदा काळा केला. फोन चालू, पडदा काळा, आणि कॅबिनेटवरचा हार्ड डिस्कचा लाल दिवा सारखा लुकलुकतो आहे. माझ्या डेस्कटॉपवर पार्ट्यांचे, म्हणजे मी ज्यांची खाती लिहिते त्या दुकानदारांचे, पॅन, जीएसटीचे युजर आयडी, पासवर्ड यांची एक्सेल शीट होती. आमच्या कामात ती प्रत्येकाकडे असते. त्या काळ्या पडद्यामागे काय काय पाहिलं, काय काय उचललं गेलं, ते मला आजही सांगता येत नाही, आणि १४९९ रुपयांपेक्षा तेच जास्त जिवाला लागलं आहे.

पडदा परत आला तेव्हा जुना निरोप गेला होता, पण सॉफ्टवेअर तरीही उघडेना. आता नवा निरोप: ॲप्लिकेशन नीट सुरू होऊ शकलं नाही, आणि पुढे एक कोड, ज्याच्या शेवटी ७बी. तो लगेच म्हणाला, व्हायरस आत गेलाय, ७९९९ चा तीन वर्षांचा प्लॅन घ्यावा लागेल, नाहीतर फॉरमॅट. आवाज चढला, नम्रपणा गेला. मी फोन कापला, नेटची केबल काढली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी कॅबिनेट ऑटोत घालून बर्डीवरच्या एका दुरुस्तीवाल्या भाऊंकडे नेलं.

भाऊंनी आधी ते रिमोटचं ॲप पाहिलं. त्यात मला न विचारता कधीही आत येता येईल असा कायमचा पासवर्ड त्या माणसानं लावून ठेवला होता. म्हणजे मी फोन कापला तरी दार उघडंच. ते काढून टाकल्यावर त्यांनी ती डीएलएल शोधली, तिच्यावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडल्या आणि मला दाखवलं. मायक्रोसॉफ्टच्या खऱ्या एमएसव्हीसीपी१४० फाइलला ‘डिजिटल सिग्नेचर्स’ नावाचा एक कप्पा असतो, त्यात कंपनीचं नाव दिसतं. ह्या फाइलला तो कप्पाच नव्हता. ‘ताई, तो माणूस तुम्हाले नुसता भेव दाखवून राहिला होता,’ भाऊ म्हणाले. ‘ह्याचं औषध मायक्रोसॉफ्ट फुकट देते.’

मग त्यांनी समजावलं ते मी माझ्या शब्दांत सांगते. लग्नाच्या पंगतीसाठी मोठे गंज, घमेली, झारे आपण घरोघरी विकत घेत नाही, मंडळाचे आणतो. विंडोजमध्येही अनेक प्रोग्रामना लागणारं तेच ते काम एका सामायिक फाइलमध्ये लिहून ठेवलेलं असतं, आणि ज्याला गरज असेल तो प्रोग्राम चालू होताना ती फाइल मागून घेतो. डीएलएल म्हणजे ही फाइल. एमएसव्हीसीपी१४० आणि तिची जोडीदार व्हीसीरनटाइम१४० ह्या ‘व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल’ नावाच्या पॅकेजसोबत येतात. २०१५ ते २०२२ सालच्या सगळ्या आवृत्त्यांसाठी हे पॅकेज एकच आहे. मी काही दिवसांपूर्वी जुन्या स्कॅनरचं सॉफ्टवेअर काढलं होतं, त्याच्यासोबत हे पॅकेजही गेलं असावं, असं भाऊंचं मत पडलं. अँटिव्हायरसही कधी कधी अशी फाइल उचलून बंदिस्त करून ठेवतो. सामायिक वस्तू असल्यामुळे एकानं नेली की दुसऱ्याचं अडतं, एवढाच तो प्रकार.

७बीचं कोडंही उलगडलं. विंडोज आणि प्रोग्राम ३२ बिट नि ६४ बिट अशा दोन प्रकारांचे असतात. माझं विंडोज ६४ बिटचं, अकाउंटिंगचं सॉफ्टवेअरही ६४ बिटचं, आणि त्या माणसानं कुठल्याशा साइटवरून ३२ बिटची फाइल आणून सिस्टिम३२ फोल्डरमध्ये टाकली होती. ६४ बिटच्या प्रोग्रामला ३२ बिटची डीएलएल चालत नाही, म्हणून तो कोड. ह्यात गोंधळ होणं साहजिक आहे, कारण नावं उलटी आहेत: ६४ बिटच्या विंडोजमध्ये सिस्टिम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइल्स असतात आणि ३२ बिटच्या फाइल्स सिसवॉव६४ मध्ये. पण ज्यानं ‘सर्टिफाइड इंजिनिअर’ म्हणून पैसे घेतले त्याला एवढंही ठाऊक नव्हतं, किंवा ठाऊक असून त्यानं दुसऱ्या रकमेसाठी मुद्दाम बिघाड केला. मला ही दुसरी शक्यताच खरी वाटते.

भाऊंनी ती फाइल काढली, मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून रीडिस्ट्रिब्युटेबलची एक्स८६ (३२ बिटसाठी) आणि एक्स६४ (६४ बिटसाठी) अशी दोन्ही पॅकेजं घेऊन बसवली, संगणक रीस्टार्ट केला. सॉफ्टवेअर उघडलं. मला वेळ लागला तो संपूर्ण स्कॅन व्हायला. रिटर्न त्याच संध्याकाळी गेले.

तेव्हा असा निरोप आला तर आधी फाइलचं नाव कागदावर लिहून घ्या आणि ती कुणाची आहे ते बघा. नावात एमएसव्हीसीपी किंवा व्हीसीरनटाइम असेल तर वर सांगितलेलं पॅकेज. मुलांच्या जुन्या गेमला डी३डीएक्स९ नं सुरू होणारी फाइल लागत असेल तर डायरेक्टएक्सचा जून २०१० चा रनटाइम, तोही मायक्रोसॉफ्टकडे फुकट आहे. फाइल त्या प्रोग्रामची स्वतःची असेल तर प्रोग्राम काढून मूळ ठिकाणाहून पुन्हा बसवा. निरोपात तेच लिहिलेलं असतं. आणि विंडोजचीच फाइल बिघडली असेल तर कमांडची खिडकी ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ करून ‘एसएफसी’, जागा सोडून ‘/स्कॅननाऊ’ ही कमांड इंग्रजीत द्या, विंडोज स्वतःच्या फाइल्स स्वतः तपासून दुरुस्त करतं. सुटी डीएलएल वाटणाऱ्या साइट्सवरून फाइल आणून सिस्टिम फोल्डरमध्ये टाकू नका. ती कोणत्या आवृत्तीची, कुणी फेरफार केलेली, काहीच कळायला मार्ग नसतो.

इव्हेंट व्ह्यूअरबद्दलही सांगते. त्यातल्या लाल खुणा धडधाकट संगणकावरही असतात. एखादी सेवा वेळेवर सुरू झाली नाही तरी तिथे नोंद होते. आणि विंडोज १० चा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला हे खरं, पण त्याचा अर्थ नेहमीचे सुरक्षेचे अपडेट्स थांबले. त्यानं फाइल्स उडत नाहीत. खऱ्या बातमीला खोटं शेपूट लावून घाबरवायचं, ही ह्या लोकांची पद्धत आहे.

पैशांसाठी मी १९३० या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला फोन केला आणि सायबर क्राइमच्या सरकारी पोर्टलवर तक्रार टाकली. यूपीआयचा बारा आकडी व्यवहार क्रमांक हाताशी ठेवा, तो लागतोच. बँकेनं सांगितलं की अनधिकृत व्यवहार तीन कामाच्या दिवसांत कळवला तर ग्राहकाला संरक्षण देणारा रिझर्व्ह बँकेचा २०१७ चा नियम आहे, पण मी स्वतः पिन टाकून पाठवलेले पैसे त्यात बसत नाहीत. म्हणून १९३० ला जितक्या लवकर कळवाल तितकं बरं, रक्कम पुढे सरकण्याआधी अडवता आली तर तिथूनच येते. खोटी ओळख सांगून संगणकाद्वारे फसवणं हा आयटी ॲक्टच्या ६६डी कलमाखाली गुन्हा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. रक्कम १४९९ आहे की लाख, यानं गुन्हा बदलत नाही.

सगळ्यात जड काम पार्ट्यांना फोन करण्याचं होतं. एकेकाला सांगितलं, दादा, तुमचा जीएसटीचा पासवर्ड बदलला आहे, इन्कम टॅक्सचाही बदलू, बँकेचा मेसेज आला तर मला लगेच कळवा. पासवर्ड मी दुसऱ्या मोबाइलवरून बदलले, त्या संगणकावरून नाही. हे विसरू नका. रिमोट चालू असलेल्या संगणकावर नवा पासवर्ड टाकणं म्हणजे तो त्याच माणसाला सांगणं.

आणि अजून एक, कारण हा भाग पुष्कळांना माहीत नसतो. काही दिवसांनी दुसऱ्याच नंबरवरून फोन आला. ‘मॅडम, आमची कंपनी बंद होते आहे, तुमचे १४९९ परत करायचे आहेत, फक्त ॲप चालू करा आणि बँकेत लॉगिन करा.’ एकदा फसलेल्यांची यादी ह्या लोकांकडे असते आणि परताव्याच्या नावानं दुसरा वार होतो. पैसे मिळवण्यासाठी यूपीआयचा पिन लागत नाही, रिमोटही लागत नाही. मी त्याला काहीही न सांगता फोन ठेवला, नंबर आणि वेळ तक्रारीत जोडून दिली. तक्रार अजून तपासावर आहे. तुमच्याकडून कुणी असेच पाचशे-हजार नेले असतील आणि एवढ्याशा रकमेसाठी कुठे जायचं म्हणून तुम्ही गप्प असाल, तर व्यवहार क्रमांक शोधा आणि आजच नोंदवा. एकाच खात्यावर अनेक तक्रारी पडल्या तर ते खातं पोलिसांच्या डोळ्यांत येतं.