हप्ता चार हजारांनी कमी, व्याज सत्तावीस लाखांनी जास्त : नागपुरात घर घेताना कर्जांची तुलना

माझा भाचा मिहानमध्ये नोकरीला आहे. मनीषनगरात चौदा हजार भाडं भरतो आणि बेलतरोडीकडे पन्नास लाखांचा फ्लॅट पाहून ठेवलाय. मागच्या महिन्यात एका रविवारी दोन कागद घेऊन घरी आला. एक बँकेचा, वीस वर्षं मुदतीचा. दुसरा हाउसिंग फायनान्स कंपनीचा, तीस वर्षांचा. कर्ज दोन्हीकडे चाळीस लाख.

"मामा, तीस वर्षांत हप्ता चार हजारानं कमी पडून राहिला ना. तेच घ्यावं म्हणतो."

त्याने दोन्ही कागदांवर हप्त्याच्या आकड्याभोवती गोल केला होता. एकूण किती भरायचे हा आकडा दोन्हीकडे होता, पण दुसऱ्या पानावर, बारीक अक्षरात. तिथे गोल नव्हता.

आधी मुदत

व्याजदर दोन्हीकडे सारखाच धरू, साडेआठ टक्के. सिबिल (आधीच्या कर्जफेडीवरून मिळणारा स्कोअर) चांगला असेल तर आज याहून कमी दर मिळू शकतो, पण कर्ज वीस-तीस वर्षं चालणार आहे आणि दर काही तिथेच थांबणार नाही, म्हणून हिशेबाला हा बरा.

| मुदत | महिन्याचा हप्ता | एकूण व्याज |
|---|---|---|
| १५ वर्षं | ३९,३९० रु. | सुमारे ३०.९० लाख |
| २० वर्षं | ३४,७१३ रु. | सुमारे ४३.३० लाख |
| २५ वर्षं | ३२,२०९ रु. | सुमारे ५६.६० लाख |
| ३० वर्षं | ३०,७५७ रु. | सुमारे ७०.७० लाख |

विसावरून तिसावर गेलात की हप्ता ३,९५६ रुपयांनी उतरतो आणि व्याज सत्तावीस लाखांच्या वर चढतं. पंधरावरून विसावर जाताना हप्त्यात पावणेपाच हजारांचा दिलासा मिळतो, पंचवीसवरून तिसावर जाताना फक्त साडेचौदाशेचा. त्या साडेचौदाशेसाठी चौदा लाख मोजायचे! मुदत जितकी लांब, तितका पुढच्या प्रत्येक वर्षाचा सौदा वाईट होत जातो. तीस वर्षांचा हप्ता सांगणारा एजंट याच्या शेजारी पंचविसाचा आकडा सहसा मांडत नाही.

असं का होतं, ते पहिल्याच हप्त्यात दिसतं. चाळीस लाखांवर पहिल्या महिन्याचं व्याज २८,३३३ रुपये. वीस वर्षांच्या हप्त्यातून ते गेल्यावर मुद्दलाला ६,३८० उरतात, तीस वर्षांच्या हप्त्यातून २,४२४. पाच वर्षांनी वीसवाल्याने जवळपास २० लाख ८३ हजार भरलेले असतात आणि मुद्दल फिटलेलं असतं पावणेपाच लाख. तीसवाल्याने साडेअठरा लाख भरून फेडलेले असतात एक लाख ऐंशी हजार. तेव्हा घर विकून बंगलोरला बदली घ्यायची वेळ आली तर हातात काय राहतं, ते यावरून कळतं.

आता दर. भाच्याच्या दोन कागदांत दराचा फरक होता पाव टक्का, आणि त्यावर तो आठवडाभर घासाघीस करत होता. वीस वर्षांच्या कर्जात साडेआठऐवजी नऊ टक्के लागले तर एकूण व्याज तीन लाखांनी वाढतं. म्हणजे अर्ध्या टक्क्याची किंमत तीन लाख आणि दहा वर्षांची सत्तावीस लाख. घासाघीस करायला हरकत नाही, पण आधी कशावर करायची ते ठरवावं.

तीस वर्षांच्या बाजूने एक प्रामाणिक युक्तिवाद

भाचा हिशेबात कच्चा नाही. म्हणाला, वाचलेल्या चार हजारांची एसआयपी करीन, म्हणजे दर महिन्याला म्युच्युअल फंडात टाकीन. हे उडवून लावण्यासारखं नाही. वीस वर्षांनी तीसवाल्याच्या डोक्यावर सुमारे पंचवीस लाख बाकी असतात. तोवर दर महिना ३,९५६ रुपये गुंतवून, कर वजा जाता साडेआठ टक्क्यांहून जास्त परतावा मिळाला तर ती रक्कम बाकीपेक्षा मोठी होते. गणित चूक नाही. अट एकच की २४० महिने एकही एसआयपी चुकता कामा नये. माझ्या ओळखीतल्या ज्यांनी हे ठरवलं होतं, त्यांच्या एसआयपी पहिल्या गाडीपर्यंत टिकल्या.

दुसरा युक्तिवाद मला जास्त पटतो. नोकरी खासगी, बायकोची शाळा विनाअनुदानित. अशा घरात सक्तीचा हप्ता कमी असलेला बरा. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराचं कर्ज मुदतीआधी फेडल्यास बँकांनी वैयक्तिक गृहकर्जदाराकडून दंड घ्यायचा नाही, असा रिझर्व्ह बँकेचा नियम २०१२ पासून आहे. त्यामुळे मुदत लांब घेऊन जास्त भरत राहणं शक्य आहे. वीस वर्षांच्या कर्जात दर वर्षाच्या शेवटी फक्त एक जादा हप्ता भरला तरी कर्ज सुमारे १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं आणि आठ लाखांहून अधिक वाचतात. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्के वाढवत नेला तर साधारण सव्वाबारा वर्षांत कागद घरी येतात. फिक्स्ड दराला मात्र ही मोकळीक गृहीत धरू नका, तिथे दंड लागू शकतो. करारातलं ते कलम वाचूनच सही करा.

बँक की फायनान्स कंपनी?

इथे माझाच अनुभव सांगतो, नाव घेत नाही. २०११ साली मी एका फायनान्स कंपनीकडून कर्ज घेतलं, कारण त्यांचा माणूस घरी येऊन कागद घेऊन गेला होता. तीन-चार वर्षांनी शेजाऱ्याला त्याच कंपनीत माझ्यापेक्षा सव्वा टक्क्याने स्वस्त कर्ज मिळालं. चौकशीला गेलो तर कळलं, नवा दर नव्या गिऱ्हाईकाला. जुन्याने अर्ज करायचा, बदलण्याची फी भरायची, मग दर उतरतो. न मागणाऱ्याला कोणी सांगत नाही. मी दोन वर्षं उगाच जास्त भरत बसलो होतो.

बँकांच्या बाबतीत हे आता थोडं सुधारलंय. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाशी, म्हणजे बहुतेक ठिकाणी रेपो दराशी (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्याच्याशी), जोडावी लागतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर बदलावा लागतो. फायनान्स कंपन्यांना ही सक्ती नाही. त्यांचा मूळ दर त्याच ठरवतात. २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.२५ टक्क्यांवर आला, तेव्हा रेपोशी जोडलेल्या कर्जांचे दर आपोआप उतरले. इतरांना अर्ज घेऊन जावं लागलं.

पण तीच साखळी उलटीही ओढली जाते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो ४ वरून ६.५० टक्क्यांवर गेला. समजा कोणी पावणेसात टक्क्यांनी चाळीस लाख घेतले होते, हप्ता ३०,४१५. दीड वर्षाने बाकी साडेअडतीस लाख, आणि दर झाला सव्वानऊ. आता महिन्याचं व्याजच २९,६८० च्या आसपास. मुद्दलाला उरतात जेमतेम साडेसातशे. हप्ता तोच ठेवला तर उरलेली साडेअठरा वर्षं ताणून चाळीस वर्षांवर जातात. आणि त्या काळात कित्येकांचे हप्ते तेच ठेवून मुदती गुपचूप लांबवल्या गेल्या. खात्यातून जाणारी रक्कम तीच, म्हणून कोणी स्टेटमेंट उघडूनही पाहिलं नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हे कर्जदाराला विचारा. हे बँकांना आणि फायनान्स कंपन्यांनाही लागू आहे. (संविधान चौकाला आपण अजून आरबीआय चौक म्हणतो, पण आरबीआयने काढलेला हा कागद किती जणांनी वाचला असेल?) तेव्हा दर वाढला की हप्ता वाढवून मागा, आणि दर उतरला की हप्ता तसाच ठेवून मुदत कमी करून घ्या.

एवढं सगळं धरून माझा कौल बँकेकडे. फायनान्स कंपनीकडे जायचं कारण एकच असू शकतं : उत्पन्नाचे कागद अपुरे आहेत आणि बँक उभं करत नाही. इतवारीतल्या दुकानदाराचं किंवा रोखीने काम करणाऱ्या कंत्राटदाराचं ते खरं दुखणं आहे. पण घराचेच कागद अपुरे म्हणून बँकेने नकार दिला असेल, तर गोष्ट वेगळी. शहराच्या कडेच्या लेआउटमध्ये आरएल (नागपूर सुधार प्रन्यासचं, म्हणजे नासुप्रचं रिलीज लेटर) नाही, गुंठेवारीचं, म्हणजे तुकडे पाडून विकलेले प्लॉट नियमित करण्याचं प्रकरण अडकलंय, आणि "साहेब, आमच्या ओळखीचा फायनान्सर करून देते" असं विकणारा म्हणतो. तिथे जास्त दराने कर्ज मिळेलही. पण उद्या तुम्ही विकायला काढाल तेव्हा घेणाऱ्यालाही बँक तेच सांगणार. नासुप्रचे कागद आधी, घराच्या टाइल्स नंतर.

बांधकाम चालू की तयार?

भाच्याला त्याच इमारतीच्या मागे दुसऱ्या बिल्डरचा, अजून स्लॅब पडत असलेला फ्लॅटही दिसला होता. बिल्डर म्हणे तयार फ्लॅटपेक्षा तीन लाखांनी स्वस्त देतो, आता ४७ लाख.

मोजूया. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या घराला जीएसटी नाही. बांधकाम चालू असलेल्याला ५ टक्के, म्हणजे २ लाख ३५ हजार. (किंमत ४५ लाखांच्या आत आणि नागपूरसारख्या शहरात चटईक्षेत्र ९० चौरस मीटरच्या आत असेल तर १ टक्काच. ४७ चा भाव ४५ वर आणता आला तर कर १ लाख ९० हजारांनी उतरतो, हे बिल्डरलाही माहीत असतं, त्यालाच विचारा.) शिवाय ताबा मिळेपर्यंत फक्त व्याजाचा प्री-ईएमआय. दोन वर्षांत सरासरी वीस लाख उचल धरली तर सुमारे ३ लाख ४० हजार. यात मुद्दल एक रुपयाही फिटत नाही. आणि मनीषनगरचं भाडं चालूच, दोन वर्षांचं ३ लाख ३६ हजार. तीन लाखांची सूट तिथेच संपली, आणि हे ताबा वेळेवर मिळाला तर. महारेराच्या (बिल्डरांवर देखरेख ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाच्या) संकेतस्थळावर प्रकल्पाची तारीख किती वेळा पुढे गेलीय ते पाहिल्याशिवाय बुकिंगचा चेक फाडू नका.

हप्त्यात न दिसणारे पैसे

कर्ज ३० ते ७५ लाखांच्या दरम्यान असेल तर किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच मिळतं, आणि या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी धरत नाहीत. म्हणजे भाच्याला दहा लाख घराचे, आणि रजिस्ट्रीचे वेगळे : मूळ मुद्रांक शुल्क ५ टक्के, त्यावर शहरातले अधिभार, नोंदणी फी कमाल ३० हजार. घर फक्त स्त्रीच्या नावावर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे, पन्नास लाखांवर पन्नास हजार. ही तूट लोक पर्सनल लोनने भरून काढतात, आणि मग दोन-तीन वर्षं गृहकर्जात जादा भरायला काही उरत नाही. त्यापेक्षा सहा महिने थांबलेलं परवडतं.

विमा हा दुसरा खड्डा. मंजुरीच्या वेळी एक लाखाचा एकरकमी विमा "कर्जातच टाकून देतो" म्हणतात. त्या एका लाखाचे वीस वर्षांत २ लाख ८ हजार होतात, तीस वर्षांत २ लाख ७७ हजार. कर्जासाठी तिथलाच जीवन विमा घेण्याची कायद्याने सक्ती नाही. वेगळा टर्म प्लॅन (निव्वळ जीवन विमा) काढा आणि कागदावर "नको" लिहून द्या.

कराच्या सवलतीची गोष्ट थोडक्यात संपते. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वजावट नाही. जुन्यात आहे, पण वर्षाला दोन लाखांपर्यंत. वीस वर्षांच्या कर्जात पहिल्याच वर्षी व्याज ३ लाख ३७ हजार जातं. "टॅक्स वाचते म्हणून कर्ज ठेवा" असं कोणी म्हटलं तर त्याची करप्रणाली कोणती ते विचारा.

कर्ज फिटल्यावर मूळ कागद ३० दिवसांत परत द्यायचे, उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई, असा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. तारीख लिहून ठेवा.

भाच्याने शेवटी तयार फ्लॅटच धरला, बँक धरली, आणि मुदत घेतली पंचवीस वर्षांची. वीस घे म्हणून मी म्हणत होतो, पण बायकोच्या पगाराची खात्री त्याला नाही, आणि हप्ता त्याला भरायचा आहे. एप्रिलमध्ये पगारवाढ झाली की हप्ता वाढवण्याचा अर्ज द्यायचा, एवढं कबूल करून घेतलंय. सोमवारी तो बर्डीतल्या शाखेत विम्याचा कागद परत करायला जाणार आहे. "मॅनेजर कटकट करीन," म्हणाला. करू दे म्हटलं.