ओव्हरले ठेवायचा कुणाचा, काढायचा कुणाचा? स्टीम, एपिक, जीओजी, युबिसॉफ्ट आणि ईए

स्टीमवरून घेतलेला युबिसॉफ्टचा गेम सुरू केला, की आधी स्टीम जागं होतं, ते युबिसॉफ्ट कनेक्टला उठवतं आणि मग कुठे गेम उघडतो. उघडल्या उघडल्या स्टीम सांगतं ‘शिफ्ट + टॅब’ दाबा, युबिसॉफ्ट सांगतं ‘शिफ्ट + एफ२’ दाबा. ग्राफिक्स कार्ड एनव्हिडियाचं असेल तर ‘ऑल्ट + झेड’ची तिसरी पट्टी येते. विंडोजचा गेम बार ‘विंडोज + जी’वर तयारच असतो आणि डिस्कॉर्ड चालू असेल तर तोही आहेच. गेम एक आणि त्याच्या डोक्यावर पाच जण. चालू गेमवर अशा पट्ट्या आणि खिडक्या काढणाऱ्या या मंडळींना ओव्हरले म्हणतात.

‘सगळे ओव्हरले बंद करा, एफपीएस (दर सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेम, म्हणजे चित्रं) वाढेल’ हा सल्ला सर्रास दिला जातो. मला तो अर्धाच पटतो. सगळे बंद करायची गरज नसते, पण एकाहून जास्त चालू ठेवण्यातही अर्थ नसतो. एक ठेवावा आणि बाकीच्यांना रजा द्यावी. कोणता ठेवायचा ते दोन गोष्टींवर ठरतं: त्याच्यावर तुमचं खरंच काही अडतं का, आणि तो एखाद्याच गेमपुरता बंद करता येतो का. या दुसऱ्या मुद्द्यावर लाँचरांमध्ये, म्हणजे गेम विकणाऱ्या आणि उघडून देणाऱ्या स्टीमसारख्या ॲपमध्ये, जमीन-अस्मानाचा फरक आहे.

हे नेमकं करतात काय

गेम एक फ्रेम तयार करतो आणि ती पडद्यावर पाठवायला डायरेक्टएक्स किंवा व्हल्कनला (ग्राफिक्स कार्डाशी बोलणाऱ्या सॉफ्टवेअरला) कॉल देतो. ओव्हरलेची डीएलएल फाइल (दुसऱ्या प्रोग्राममध्ये जोडता येणारा कोडचा तुकडा) चालू गेममध्ये शिरून हा कॉल मध्येच पकडते, तयार फ्रेमवर आपली चॅटची खिडकी किंवा एफपीएसचा आकडा काढते आणि मग फ्रेम पुढे सोडते. हे काम एकट्याने केलं तर सहसा काही बिघडत नाही. एकाच कॉलवर तिघे टपून बसले, की प्रत्येकाला वाटतं आपणच शेवटचे. मग गेम उघडताना नुसता काळा पडदा दिसतो, ऑल्ट-टॅब केलं की गेम थेट डेस्कटॉपवर आपटतो, किंवा मित्र ऑनलाइन आल्याची सूचना झळकते आणि नेमका त्याच क्षणी गेम झटका खातो.

एफपीएसचं म्हणाल, तर गप्प बसलेला ओव्हरले फार काही खात नाही. ८ जीबी रॅमच्या लॅपटॉपवर गोष्ट थोडी वेगळी होते, कारण स्टीमच्या ओव्हरलेत आख्खा ब्राउझर आहे आणि त्यात यूट्यूबवरचा वॉकथ्रू उघडून ठेवला तर मेमरी जाणारच. खरा मोठा फटका बसल्याचं ठळक उदाहरण लाँचरचं नाहीच. डिसेंबर २०२४मध्ये एनव्हिडियाच्या नव्या ॲपमुळे काही गेममध्ये १५ टक्क्यांपर्यंत फ्रेम कमी होत असल्याचं चाचण्यांमध्ये दिसलं होतं. त्यातही दोष सगळ्या ओव्हरलेचा नव्हता. ‘गेम फिल्टर’ आणि ‘फोटो मोड’ ही सोय वापरत नसतानाही नुसती चालू राहिल्यामुळे तो घोळ होता, आणि ती बंद केली की फ्रेम परत यायच्या. म्हणून फ्रेम कमी पडत असतील तर लाँचरवर राग काढण्याआधी एनव्हिडियाच्या ॲपच्या सेटिंग्जमध्ये ही सोय चालू आहे का ते बघून घ्या.

स्टीम: बंद करायला सोपा, पण घाई नको

सोयीच्या बाबतीत स्टीमचा नंबर पहिला. सगळ्या गेमसाठी बंद करायचा तर सेटिंग्जमध्ये ‘इन गेम’ विभागात ‘एनेबल द स्टीम ओव्हरले व्हाइल इन-गेम’ हा स्विच आहे. एकाच गेमपुरता बंद करायचा असेल तर लायब्ररीत गेमच्या नावावर राइट-क्लिक, ‘प्रॉपर्टीज’, ‘जनरल’, आणि तिथे तोच स्विच. गेम बंद करून पुन्हा सुरू केला की झालं. रुसणारा एकच गेम असेल तर बाकी पन्नास गेमची सोय कशाला घालवायची?

घाई नको म्हणतो त्याचं कारण या ओव्हरलेच्या आत दडलेल्या गोष्टी. पहिली म्हणजे कंट्रोलर. प्लेस्टेशनचा पॅड लावून खेळणारे आपल्याकडे पुष्कळ आहेत आणि बरेच पीसी गेम फक्त एक्सबॉक्सचा पॅड ओळखतात. ही दुभाषाची कामगिरी ‘स्टीम इनपुट’ करतं आणि ते ओव्हरलेच्या आधारावर चालतं. ओव्हरले बंद केला आणि पॅडने काम करणंच सोडलं, तर पॅडला दोष देऊ नका. बाहेरचा गेम ‘नॉन-स्टीम गेम’ म्हणून लायब्ररीत टाकून पॅडने खेळणाऱ्यांना हा अनुभव हमखास येतो.

दुसरी गोष्ट पैशांची. स्टीमवरच्या गेममध्ये आतल्या आत काही विकत घेताना मंजुरीची जी खिडकी येते, ती ओव्हरलेचीच असते. ओव्हरले नसेल तर व्यवहार तिथेच लटकू शकतो आणि आपण उगाच यूपीआयचं ॲप उघडून पैसे कापले गेले का ते बघत बसतो. एफ१२चा स्क्रीनशॉट आणि मित्रांना ‘रिमोट प्ले टुगेदर’मध्ये ओढणं हेही याच दारातून चालतं. २०२४च्या अखेरीस सगळ्यांसाठी खुलं झालेलं गेम रेकॉर्डिंग हाताळायचं तेही इथूनच. अचिव्हमेंट मात्र ओव्हरले बंद असला तरी खात्यात जमा होतात, फक्त कोपऱ्यात चमकत नाहीत.

पुष्कळांची तक्रार तर ओव्हरलेची नसतेच, त्याच्या बटणांची असते. शूटर गेममध्ये डाव्या करंगळीखाली शिफ्ट, म्हणजे धावणं. टॅबवर स्कोअरबोर्ड. धावता धावता स्कोअर बघायला टॅब दाबला की गोळीबार चालू असताना समोर मित्रांची यादी उघडते, आणि ती मिटवेपर्यंत आपण मेलेलो असतो. यावर ओव्हरले बंद करण्याची काहीच गरज नाही. त्याच ‘इन गेम’ विभागात शॉर्टकट बदलता येतो. करंगळी सहज पोचणार नाही अशी जोडी द्या.

एपिक: इथे खरी खटपट

एपिकचा ओव्हरले ‘शिफ्ट + एफ३’वर उघडतो. मित्रांची यादी आणि गेममधली खरेदी यापलीकडे त्यात फारसं काही नाही. म्हणजे काढून टाकायला सगळ्यात लायक हाच, आणि काढायला सगळ्यात चिवटही हाच. सरळ बंद करण्याचा स्विच एपिकच्या लाँचरमध्ये वर्षानुवर्षं नव्हता. तुमच्या आवृत्तीच्या सेटिंग्जमध्ये तसा दिसला तर प्रश्न मिटला. नाही तर खेळाडूंनी शोधलेली जुनी वाट आहे. सी ड्राइव्हच्या ‘प्रोग्राम फाइल्स (एक्स८६)’मध्ये ‘एपिक गेम्स’, ‘लाँचर’, ‘पोर्टल’, ‘एक्स्ट्राज’, ‘ओव्हरले’ असं आत आत जायचं, ‘ईओएस’ या अक्षरांनी सुरू होणाऱ्या फाइल्स शोधायच्या, लाँचर पूर्ण बंद करायचा आणि त्यांची नावं बदलायची. पूर्ण बंद म्हणजे टास्कबारच्या कोपऱ्यातल्या आयकॉनवरूनही बाहेर काढलेला. फाइल्स डिलीट करू नका. शेवटी ‘जुनी’ असं काहीतरी जोडलं की पुरतं, परत हव्या झाल्या तर नाव पूर्ववत करता येतं.

हे जमतं, पण टिकत नाही. लाँचर अपडेट झाला की तो त्या फाइल्स नव्याने आणून ठेवतो आणि आपली मेहनत वाया. त्यामुळे ज्याला फाइल्समध्ये हात घालायची हौस नाही त्याने एपिकच्या नादी लागूच नये. एखादा गेम याच्यामुळे उघडतच नसेल तरच हा उद्योग करावा.

आणखी एक गुंता आहे. एपिकचा ओव्हरले एपिककडून घेतलेल्या गेमपुरता राहत नाही. क्रॉसप्लेसाठी, म्हणजे वेगवेगळ्या दुकानांतून किंवा मशीनवरून खेळणाऱ्यांना एकत्र आणण्यासाठी, एपिकच्या ऑनलाइन सेवा वापरणारे स्टीमवरचे गेमही ‘एपिक ऑनलाइन सर्व्हिसेस’ नावाचा भाग आपल्यासोबत बसवतात. विंडोजच्या इन्स्टॉल केलेल्या ॲप्सच्या यादीत हे नाव बघून लोक चक्रावतात, ‘मी तर एपिक कधी टाकलंच नाही’ म्हणतात. ते अनइन्स्टॉल करता येतं, पण मग त्या गेमचं क्रॉसप्ले किंवा लॉगिन अडकू शकतं. मित्रांसोबत खेळायचं असेल तर हात लावू नका.

एपिकचे गेम ‘हिरोइक’ नावाच्या मुक्त-स्रोत लाँचरमधूनही चालवता येतात. तिथे हा ओव्हरले घ्यायचा की नाही हे आपल्या मर्जीवर असतं. दर आठवड्याला फुकट मिळणारे गेम गोळा करून ठेवलेत आणि मूळ लाँचर आवडत नाही, अशा माणसाला हा मार्ग फाइल्सची नावं बदलत बसण्यापेक्षा बरा.

जीओजी

इथे लिहिण्यासारखं फारसं नाही, आणि तेच त्याचं कौतुक. गॅलेक्सी या जीओजीच्या लाँचरच्या सेटिंग्जमध्ये ‘गेम फीचर्स’मध्ये ओव्हरलेची खूण काढली की संपलं. तेवढंही करायचं नसेल तर गॅलेक्सीच उघडू नका. जीओजीचे गेम डीआरएमशिवाय (कॉपी रोखणाऱ्या कुलपाशिवाय) येतात, त्यामुळे सिंगल प्लेअर गेमच्या फोल्डरमधली एक्झी फाइल थेट चालवली तरी गेम उघडतो. ओव्हरले नाही, लाँचरही नाही. फक्त क्लाउड सेव्ह गॅलेक्सीतून चालतं, तेव्हा दोन मशीनवर खेळणाऱ्याने गॅलेक्सी ठेवून नुसता ओव्हरले घालवावा.

युबिसॉफ्ट आणि ईए

हे दोघे एका माळेचे मणी. युबिसॉफ्ट कनेक्टच्या सेटिंग्जमध्ये इन-गेम ओव्हरलेची खूण आहे, ईए ॲपच्या सेटिंग्जमध्ये ‘ॲप्लिकेशन’ विभागात तसाच स्विच आहे. दोन्ही ठिकाणी मिनिटभराचं काम. ईएचा ओव्हरले ‘शिफ्ट + एफ१’वर उघडतो. ओरिजिनच्या जमान्यातले जुने सल्ले अजून फिरत असतात, पण ओरिजिन आता मागे पडलं आणि त्याची जागा ईए ॲपने घेतली, तेव्हा त्या जुन्या मेनूंच्या मागे लागू नका.

गेम स्टीमवरून घेतलेला असेल तर या दोघांना बेलाशक बंद करा. त्यांच्या ओव्हरलेत मिळणारं जवळपास सगळं स्टीम जास्त नीट देतं, आणि एकाच कॉलवर दोघे बसण्याचं भांडण इथेच सगळ्यात जास्त होतं. गेम थेट त्यांच्याच दुकानातून घेतला असेल आणि तिथल्याच मित्रांना गेममध्ये बोलवायचं असेल तर ठेवायला हरकत नाही.

गेम बारला हात लावण्याआधी

विंडोजचा गेम बार म्हणजे नुसता कचरा, अशी समजूत आहे. पॉवरशेलमधून (विंडोजला कमांड देण्याच्या खिडकीतून) तो मुळासकट उपटण्याचे सल्लेही मिळतात. ते ऐकू नका. उपटल्यावर गेम सुरू करताना ‘एमएस-गेमिंगओव्हरले’ लिंक उघडायला नवं ॲप हवं, अशी खिडकी छळायला लागते. शिवाय रायझन ७९५०एक्स३डी किंवा ९९५०एक्स३डीसारखा दुहेरी चिपलेटचा, म्हणजे आत कोअरचे दोन गट असलेला, प्रोसेसर असेल, तर गेम चालू आहे हे विंडोजला गेम बारमार्फतच कळतं आणि त्यावरून काम जास्त कॅशच्या (प्रोसेसरच्या आतल्या वेगवान मेमरीच्या) कोअरवर पाठवलं जातं. अशा मशीनवर गेम बार काढला तर फ्रेम वाढण्याऐवजी घटतात. बाकीच्यांनी तो न काढता नुसता पॅडच्या बटणावरून उघडणं बंद केलं तरी पुष्कळ.

मग कोणी काय करावं

पॅडवर खेळता: स्टीमचा ठेवा, बाकी सगळे काढा. माउस-कीबोर्डवर स्पर्धात्मक शूटर खेळता आणि मित्रांशी बोलणं डिस्कॉर्डवर होतं: त्या गेमपुरता स्टीमचाही बंद करा, अडेल असं काही नाही. जुना लॅपटॉप, एकटे खेळता, गेम बहुतेक एपिकचे फुकट मिळालेले: आधी एनव्हिडियाचे फिल्टर आणि युबिसॉफ्ट-ईएचे स्विच बंद करून बघा, एपिकच्या फाइल्सना शेवटी हात घाला. गेम उघडताच क्रॅश होतो: सगळे बंद करा आणि एकेक चालू करत जा, दोन एकदम नको, नाही तर दोषी कोण ते कळणार नाही. तपासताना गेममधली जागाही तीच ठेवा. गर्दीच्या बाजारात एकदा आणि मोकळ्या माळावर एकदा एफपीएस मोजून काही सिद्ध होत नाही.

मराठी टाइप करणाऱ्यांसाठी एक जास्तीची तपासणी. गेममध्ये अचानक डब्ल्यू-ए-एस-डी काम करेनाशी झाली, तर ओव्हरलेने कीबोर्ड पळवला असं वाटतं. विंडोजमध्ये इंग्रजीबरोबर मराठी कीबोर्ड बसवलेला असेल तर डावा ऑल्ट आणि शिफ्ट एकत्र दाबले की भाषा बदलते, आणि शिफ्टने धावता धावता ऑल्टने वाकणाऱ्याची बोटं नेमकी तिथेच असतात. कोपऱ्यात इंग्रजीऐवजी मराठीचं चिन्ह दिसतंय का ते बघा. दिसलं तर विंडोजच्या प्रगत कीबोर्ड सेटिंग्जमध्ये जाऊन तो शॉर्टकट काढा. भाषा बदलायला ‘विंडोज + स्पेस’ असतंच.